बॅरन बेटाचं ज्वालामुखी किट: फेस छान, डोंगर चुकीचा

शाळांच्या विज्ञान प्रदर्शनासाठी ठाण्यात आणि वाशीत हे किट मिळतं, ४५० रुपयांना. खोक्यावर अंदमानच्या बॅरन बेटाचं चित्र. आत ३० सेंमी रुंद, १५ सेंमी उंच साचा, एक किलो पीओपी, 'लाव्हा' पूड, रंग आणि माहितीपत्रक.

घेताना आधी पूड बघा. सोडा आणि सायट्रिक ॲसिड एकाच पुडीत आहेत. पावसाळ्यात दमट हवा लागली की दोन्ही आतच एकमेकांना भिडतात, पुडी फुगते, पूड गोळा होते. फुगलेली पुडी घेऊ नका. घरचा दोन मोठे चमचे खायचा सोडा, १०० मिली व्हिनेगर आणि भांड्याच्या लिक्विडचे चार थेंब यांनी फेस जास्त दाट येतो.

पीओपी हाताने कालवा, असं पत्रकात छापलंय. हे अजिबात करू नका! घट्ट होताना पीओपी तापतो, त्यात हात राहिला तर भाजतं. आधी एक वाटी पाणी घ्या, त्यावर दोन वाट्या पीओपी भुरभुरवा, मिनिटभर भिजू द्या, मग काठीने ढवळा. घट्ट व्हायला लागल्यावर ढवळलं तर डोंगर ठिसूळ होतो. उरलेलं बेसिनमध्ये ओतू नका, पाइपातच दगड होईल. पावसाळ्यात रंगाआधी दोन-तीन दिवस पंख्याखाली ठेवा, नाहीतर पोपडे निघतात.

आता मुख्य तक्रार, आकाराची. साच्याचा उतार ४५ अंशांचा आहे. सुट्या राखेचा नि खडीचा ढीग साधारण ३० ते ३५ अंशांच्या पुढे टिकतच नाही. बॅरन बेट सुमारे ३ किमी रुंद आणि ३५० मीटर उंच. म्हणजे ३० सेंमीच्या मॉडेलमध्ये पाण्यावर डोंगर जेमतेम साडेतीन सेंमी दिसायला हवा, आणि पाण्याखाली २२ सेंमी, कारण समुद्राचा तळ सव्वादोन किमी खोल आहे. वरून बघितलं तर तो एकसंध शंकूही नाही. सुमारे २ किमी रुंद कॅल्डेराची (जुन्या स्फोटानंतर माथा खचून झालेल्या मोठ्या खळग्याची) कडा पश्चिमेला फुटलेली आणि मधोमध छोटा शंकू. लाव्हा त्या खिंडीतूनच समुद्राकडे जातो. साचा बाजूला ठेवा, पुठ्ठ्याच्या चकत्या रचून वर पीओपी लिंपा, पश्चिमेची कडा कापा.

'पृथ्वीच्या गाभ्यातला लाव्हा वर येतो' हे पत्रकातलं वाक्यही खोडून टाका. इथे भारतीय प्रस्तर (पृथ्वीच्या टणक कवचाचा प्रचंड तुकडा) बर्मा प्रस्तराखाली सरकतो. खाली गेलेल्या प्रस्तरातलं पाणी वरच्या घन प्रावरणात (कवच आणि गाभा यांच्या मधल्या थरात) शिरतं, खडकाचा वितळणबिंदू उतरतो आणि शिलारस, म्हणजे वितळलेला खडक, तयार होतो. आपल्या ठाण्याजवळच्या पारसिकच्या डोंगराचा बेसाल्ट वेगळा, तो ६.६ कोटी वर्षांच्या आसपास भेगांमधून पसरलेल्या लाव्ह्याचा.

धोक्यांच्या पानावर फक्त लाव्हा. बेटावरच्या ज्वालामुखीत तो बहुतेकदा सगळ्यात संथ धोका असतो. न्यूझीलंडच्या व्हाकारी बेटावर ९ डिसेंबर २०१९ ला वाफेचा स्फोट झाला. बेटावर ४७ माणसं होती, २२ दगावली. इंडोनेशियात २२ डिसेंबर २०१८ ला अनाक क्राकाताऊचा उतार समुद्रात कोसळला आणि त्सुनामीने चारशेहून जास्त बळी घेतले. राख म्हणजे काचेचे बारीक कण, नाकावर ओलं फडकं पुरत नाही, एन-९५ मास्क लागतो. एवढं तरी चार्टवर लिहायलाच हवं.

आठ-दहा वर्षांच्या मुलाला फेसाच्या मजेसाठी घ्या. प्रदर्शनाला मात्र पुठ्ठा, सोडा आणि पीओपी सुटे घेतलेले बरे, स्वस्तही पडतात.