८५ हजारांचा ‘स्टे’

गोव्यातल्या खाणी बंद पडल्यावर ट्रक विकला, डिचोलीत दुकान टाकलं. तेही चालेना. घरकर्जाचे हप्ते थकले आणि ९० दिवस उलटताच खातं एनपीए, म्हणजे बँकेच्या लेखी थकीत कर्ज, झालं. मग सरफेसी कायद्याची, म्हणजे दावा न लावता बँकेला तारण घर ताब्यात घेऊ देणाऱ्या कायद्याची, नोटीस आली: ६० दिवसांत सगळी रक्कम भरा. कर्जावर बायकोचीही सही, म्हणून तिच्या नावाचं वेगळं पाकीट होतं. पोस्टमनकडून दोन्ही मीच घेतली आणि देव्हाऱ्याखालच्या खणात पंचांगाखाली सारली.

म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात ओळखीच्या ओळखीने एकजण भेटला. वकील नव्हे, ‘कोर्टाची कामं करणारा’. म्हणाला, “पात्रांव, टेन्शन घेऊ नका, स्टे, म्हणजे कोर्टाची स्थगिती, आणून देतो. फक्त बँकेला काही लिहू नका, एक हप्तासुद्धा भरू नका, केस कमकुवत होते.” तीन वेळा मिळून ८५ हजार दिले. ८० हजार रोख, ५ हजार मोबाईलवरून. पावती मागायची लाज वाटली. का वाटली, देव जाणे.

गणेश चवथीच्या आधी व्हॉट्सॲपवर ‘ऑर्डर’ आली. सिंहमुद्रा, निळा गोल शिक्का, खाली दिवाणी न्यायालय, म्हापसा. मी त्याची रंगीत प्रिंट काढून लॅमिनेट केली!

चवथीनंतर बँकेने दाराला ताबा नोटीस चिकटवली. ती वाचली बायकोने. रात्रभर ती बोलली नाही. सकाळी म्हणाली, “चला बँकेत, मीही येते.”

अधिकाऱ्याने ते लॅमिनेशन हातात घेतलं आणि पेनाच्या टोकाने त्यावरचा सीएनआर, म्हणजे कोर्टातल्या केसचा ओळख नंबर, मोजला. १४ अक्षरं. “हा १६ अक्षरांचा असतो. कोर्टांच्या ई-कोर्ट्स वेबसाइटवर टाकून बघायचा होतात. आणि सरफेसीच्या कारवाईवर दिवाणी कोर्टाला स्टे देताच येत नाही. कलम ३४.” पुढे जे म्हणाला ते जास्त लागलं: त्या ६० दिवसांत तुम्ही लेखी हरकत दिली असती, तर १५ दिवसांत उत्तर देणं आम्हाला भाग होतं. नेमकं तेच त्या माणसाने करू दिलं नव्हतं.

खरी दाद कर्जवसुली न्यायाधिकरणात, म्हणजे डीआरटीत मागायची असते, कलम १७ खाली, ताब्याच्या कारवाईपासून ४५ दिवसांत. गोव्याची प्रकरणं मुंबईला चालतात. आमची ती मुदत सुरू झाली होती.

तालुका विधी सेवा समितीत गेलो. तिथल्या बाईंनी मला बाजूला सारून बायकोलाच फॉर्म दिला. बाईमाणसाला उत्पन्न कितीही असो, वकील फुकट मिळतो म्हणे. म्हणजे ते पाकीट मी तिच्या हातात दिलं असतं, तर एक पैसा लागला नसता.

अर्ज मुदतीत गेला, तारीख पडली आहे. पोलिसात तक्रार दिली. हातात पुरावा आहे तो त्या ५ हजारांचाच. आता टपाल बायकोच घेते.