गेमचा ड्रम किट मिडीला लावून वापरला, पेडलनं डोकं खाल्लं

परवा पेडल मधोमध तडकला म्हणून लिहितोय, नाहीतर हे लिहायचं कधीपासून राहिलंच होतं. जुन्या ड्रमच्या गेमचा सेकंडहँड किट, चार पॅड अन् एक पेडल, यूएसबीवर. विंडोजला तो गेमपॅड वाटतो, त्यामुळं मधे बटणाचं मिडी (कुठली नोट किती जोरात वाजवायची हा संदेश) करणारं एक सॉफ्टवेअर, मग तो मिडी पुढं पोचवणारं लूपमिडी, मग रेकॉर्डिंगचं सॉफ्टवेअर रीपर, एवढी वरात. लॅपटॉपचंच साउंड कार्ड, त्यावर आवाजाचा उशीर कमी करणारा एसिओफोरऑल ड्रायव्हर टाकला, बफर (एका वेळी साठवायचे आवाजाचे नमुने) ५१२ ठेवला तर जवळजवळ १२ मिलिसेकंद उशीर तिथंच होतो, १२८ वर आणला की ३. हात लगेच बसला. पॅड चांगलेच आहेत, हळू मारलं की हळू वाजतं, त्यावर जास्त बोलत नाही.

पण पेडल! आत साधा चुंबक अन् रीड स्विच, म्हणजे चुंबक जवळ आला की चालू होणारा. लाथ घाला नाहीतर अंगठा टेकवा, नोट ३६, म्हणजे किक (पायानं वाजवायचा मोठा ड्रम), तेवढ्याच जोरात जाणार. गणपतीसाठी ट्रॅक केला तर किक गिरणीच्या पट्ट्यासारखी एकसुरी, शेवटी रीपरमधे ह्युमनाइझ करून वेलॉसिटी (नोटचा जोर) वरखाली केली तेव्हा कुठं जरा माणसानं वाजवल्यासारखं वाटलं. २००८ च्या गिटार हिरो वर्ल्ड टूरच्या किटला मिडी इनच (बाहेरून मिडी घ्यायचं सॉकेट) होतं म्हणून लोक कौतुक करतात, खरंच आहे, पण तो आपल्याकडं मिळायचा कुठं अन् मिळाला तर भाव काय सांगतील.

मधे खानापूरच्या मित्राचा मेश (जाळीच्या) पॅडवाला इलेक्ट्रॉनिक किट आणून वाजवला. यूएसबी लावली की झालं, मधलं काही नाही. पण स्नेअर ड्रम जोरात मारला की त्याची किक आपोआप वाजायची, आतला पिएझो सेन्सर हादरा पकडतो ना, क्रॉसटॉकचं (एका पॅडचा हादरा दुसऱ्याला लागू नये याचं) सेटिंग करत संध्याकाळ गेली. तो म्हणाला "काय करूलालास रे अजून?" तेव्हापासून माझ्या स्विचला शिव्या जरा कमी झाल्या, मुका आहे पण पाय लागल्याशिवाय बोलत नाही.

आता तडकल्यावर दुकानदार म्हणतो गेमच्या वस्तूला सर्व्हिस नसते, नवीन घ्या. घेतोय कशाला! उद्यमबागेत एका वर्कशॉपमधून लोखंडी पट्टी कापून आणली, चार भोकं पाडून खालून स्क्रूनं बसवली, चहाच्या पैशात काम. फक्त पट्टी चुंबकाला खेचते म्हणून मागं सरकवावी लागली. एकच वैताग, धपधप आता जास्त वाजतंय अन् खालच्या मजल्यावरच्या काकू रात्री नऊनंतर काठीनं छत ठोकतात. खाली टाकायला जाड रबरी मॅट कुणाकडं पडून असेल तर सांगा, खडेबाजारात जो भाव सांगितला तो मला परवडणारा नाही.