सीझर ३ की फेरो: माझ्यासाठी निकाल चौकात लागला

दोन्ही इम्प्रेशन्स या कंपनीचे, शहर वसवायचे कॉम्प्युटर गेम. प्राचीन रोमवरचा सीझर ३ आला १९९८ साली, प्राचीन इजिप्तवरचा फेरो १९९९ साली. देव, कर, कोठारं, व्यापार सगळं दोन्हीकडे आहे आणि एकात हात बसला की दुसरा अंगवळणी पडायला वेळ लागत नाही. म्हणून मी बघितली ती रस्त्यावरची माणसं.

सीझरमध्ये न्हावी, वैद्य, बाजारातली बाई दुकानातून निघतात आणि चौक आला की वाटेल तिकडे वळतात. मोठ्या घरांना न्हावी लागतो. तो लागोपाठ काही फेऱ्या शेतांच्या रस्त्याला गेला की इकडे घराचा दर्जा घसरतो, घर लहान होतं आणि त्यात न मावणारी माणसं बाहेर पडतात. मग शेतांवर मजूर कमी, कोठारात धान्य कमी, की पुन्हा घरं घसरतात. आपण नियोजनात काहीच बदललेलं नसताना भरलेली वस्ती अशी खाली येताना बघणं मला फार जाचायचं. चौक टाळून एकाच वळशात वस्ती बांधता येते, रस्त्यावर गेटहाउस, म्हणजे तटाचा दरवाजा, उभं केलं तरी ही माणसं तिथून परततात. पण ते जागा खातं, आणि मुळात ते आहे तटबंदीसाठी.

फेरोत यासाठी थेट रोडब्लॉक दिलाय. रस्त्याच्या एका चौकोनावर ठेवला की फेरीवरचा माणूस तिथून मागे फिरतो. ठरलेल्या ठिकाणी निघालेला हातगाडीवाला मात्र सरळ पार जातो. वस्ती एका बाजूला, कुंभारवाडा आणि विटांचं काम दुसऱ्या बाजूला, मालाची ये-जा चालू. घर घसरलंच तर कारण सापडतं.

पाण्याच्या बाबतीत सीझर सरस वाटतो. हौद, जलवाहिनी, कारंजं जोडलं की भोवतालच्या घरांची सोय झाली. फेरोत पाणक्या दारावरून जावा लागतो. सैन्याच्या लढायाही, निदान मला, सीझरमध्येच जास्त रंगतात.

पण नाईलचा पूर सीझरकडे नाही. गाळाच्या शेतांची कापणी वर्षातून एकदा, त्यावर पुढच्या कापणीपर्यंत शहर जगवायचं. पुराचा देव ओसायरिस नाराज असेल तर पूरच कमी येतो. वर्क कॅम्पमधले जे मजूर शेतात राबतात, तेच पिरॅमिडचे दगडही ओढतात. पिरॅमिड पुरा व्हायला वेळ लागतो, काहींना तो रटाळ वाटेल. मला तो वेळ आवडतो.

रोमच हवं असेल तर सीझरच्या मूळ फाइल्सवर चालणारं ‘ऑगस्टस’ हे मुक्त सॉफ्टवेअर बघा, त्यात रोडब्लॉक आहेत. त्यानं सीझरची बाजू बरीच सावरते. तरी एकच घ्यायचा झाला तर मी फेरो म्हणेन, आणि रोडब्लॉक पहिल्या वस्तीपासूनच टाका, घरं मोठी होईपर्यंत थांबू नका.