व्हिस्पर ऑफ द हार्ट: योशिफुमी कोंदो यांचा एकमेव चित्रपट

'ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाइज' (1988) मधील पात्रांना रूप देणारे अ‍ॅनिमेटर योशिफुमी कोंदो यांनी जपानच्या स्टुडिओ जिबली या अ‍ॅनिमेशन स्टुडिओसाठी 1995 साली 'व्हिस्पर ऑफ द हार्ट' दिग्दर्शित केला. 1998 मध्ये, वयाच्या अवघ्या 47व्या वर्षी त्यांचे निधन झाल्याने दिग्दर्शक म्हणून हा त्यांचा एकमेव चित्रपट ठरला, याची फार हळहळ वाटते.

पटकथा जिबलीचे सहसंस्थापक हायाओ मियाझाकी यांची असली, तरी माणसांच्या साध्यासुध्या हालचालींवरचे बारीक लक्ष कोंदो यांचेच, असे मला ठामपणे वाटते. एका प्रसंगात शाळकरी मुलगा सेइजी व्हायोलिन वाजवू लागतो, चित्रपटाची नायिका शिझुकू आधी संकोचत आणि मग मोकळ्या गळ्याने गाते, तेवढ्यात सेइजीचे आजोबा आणि त्यांचे मित्र आपापली वाद्ये घेऊन सामील होतात. या प्रसंगात बोटे, गज आणि सूर यांचा मेळ इतका चोख जमला आहे की आपण रेखाटने पाहत आहोत याचा विसर पडतो. टोकियोच्या पश्चिमेकडील तामा परिसरातील चढणीचे रस्ते आणि शिझुकूचे पुस्तकांनी भरलेले छोटेसे घरही तितक्याच आस्थेने रंगवले आहे.

शेवटी सेइजी शिझुकूला घालतो ती लग्नाची मागणी मात्र घाईची वाटते. कुमारवयीन मुलांसोबत अवश्य पाहावा, आणि शक्यतो मूळ जपानी आवाजात, उपशीर्षकांसह.