पिक्सेलच्या किमती वाचण्यासाठी पिलो : एक अभिप्राय

ऐरोलीहून बोटीने ठाणे खाडीत जाऊन रोहित पक्ष्यांची छायाचित्रे काढणारे नवी मुंबईत पुष्कळ आहेत. त्या छायाचित्रांत गुलाबी भाग किती आणि चिखलाचा किती, हे प्रोग्रॅम लिहून मोजायचे असेल, तर पायथॉन या प्रोग्रॅमिंग भाषेची पिलो ही चित्रे हाताळणारी लायब्ररी (तयार कोडचा संच) आधी शिकावी, असे माझे ठाम मत आहे. पीआयएल या जुन्या लायब्ररीतून २०१० मध्ये ती वेगळी निघाली. ती मोफत आहे आणि आजही जोमाने सांभाळली जाते.

पिलोच्या गेटपिक्सेल या फंक्शनला पिक्सेलचे, म्हणजे चित्रातल्या एका ठिपक्याचे, आडवे आणि उभे स्थान सांगितले की पक्ष्याच्या पंखावरची किंमत, म्हणजे रंगाचे आकडे, (२३१, १५८, १६४) अशी लाल, हिरवा, निळा या सरळ क्रमाने मिळते. ओपनसीव्ही ही चित्रांचीच दुसरी लायब्ररी हाच क्रम उलटा, म्हणजे निळ्यापासून सुरू करते, आणि तिथली किंमत तशीच दुसरीकडे नेली तर गुलाबी पक्षी जांभळट दिसू लागतो. नवशिक्याला पिलो सोपी वाटते त्याचे हे एक मोठे कारण आहे. मात्र चित्राचा मोड (रंग साठवण्याची पद्धत) आधी तपासावाच लागतो, कारण पॅलेटच्या चित्रात हाती येणारा आकडा हा रंग नसतो, तर रंगतक्त्यातला नुसता क्रमांक असतो. फोन उभा धरून काढलेले छायाचित्रही पिलो आपणहून फिरवत नाही. चित्र सरळ फिरवणारे एक्झिफ-ट्रान्सपोज हे फंक्शन वापरले नाही, तर पडद्यावर दिसणारी जागा आणि वाचलेली जागा यांचा मेळ बसत नाही.

पिलोची खरी उणीव वेगाची आहे. ४००० बाय ३००० च्या छायाचित्रात १ कोटी २० लाख पिक्सेल असतात, आणि प्रत्येकासाठी गेटपिक्सेल बोलावणे म्हणजे तांदळाचे पोते दाणा दाणा मोजण्यासारखे आहे. असे काम नम्पाय या आकडेमोडीच्या लायब्ररीतल्या ॲरेकडे (आकड्यांच्या तक्त्याकडे) सोपवावे. पिलोतून तो एका ओळीत तयार होतो. तिथे आधी ओळ आणि मग स्तंभ सांगावा लागतो, हे पक्के लक्षात ठेवावे. शिवाय ॲरेतली किंमत आठ बिटांची, म्हणजे ० ते २५५ यांतलीच, असल्याने उजळपणा वाढवण्यासाठी २५० मध्ये १० मिळवले, तर उत्तर २६० किंवा २५५ न येता ४ येते आणि पंखाचा सर्वांत उजळ भाग काळा पडतो. म्हणून आधी मोठे आकडे मावतील अशा प्रकारात रूपांतर करून, बेरीज करून, मग २५५ ला मर्यादा घालावी.

जेपेग चित्रात गुलाबी रंग पक्ष्याच्या कडेबाहेर थोडा पसरलेला असतो, हा दोष पिलोचा नाही, जेपेगच्या पद्धतीचा आहे. मोजणी मूळ फाइलवरच करावी. कॅमेऱ्याच्या रॉ (प्रक्रिया न केलेल्या) फाइलींसाठी मात्र पिलो पुरेशी नाही. सोळा बिटांच्या रंगीत चित्रांना तिचा आधार तोकडा आहे, आणि ज्यांना तितकी बारीक छटा हवी असेल त्यांनी रॉ फाइली वाचणारी रॉपाय ही लायब्ररी घेऊन थेट नम्पायमध्ये काम करावे.