लग्नाचा फुलवाला : आठ महिने एकाच माणसाकडून फुलं घेतल्यावर

बहिणीचं लग्न फेब्रुवारीत झालं, तेव्हाच लिहिणार होतो, पण लग्नाच्या आठवड्यात माणसाला सगळंच भारी वाटत असतं, म्हटलं अजून दोन-चार कार्यांना याच्याकडूनच फुलं घेऊ आणि मग बोलू. सत्यनारायण झाला, पाडवा झाला, आमची वास्तुशांत झाली आणि परवा गौरी-गणपतीही झाले, त्यामुळे आता बोलायला हरकत नाही.

आधी साखरपुडा, कारण तिथे आम्ही सपशेल आपटलो. तुळशीचं लग्न लागल्या लागल्या तारीख धरलेली, घाई होती, इन्स्टाग्रामवरून एक डेकोरेटर शोधला. नाव लिहीत नाही. एसी ऑफिस, टॅबवर फोटो, कॉफी वगैरे. बहिणीने निळी ऑर्किड दाखवली, तो म्हणाला होऊन जाईल. मोगऱ्याचे पडदे? होऊन जाईल. बजेटमध्ये? होऊन जाईल ना सर. आता निळी म्हणून मिळालेली ती ऑर्किड निळी नव्हतीच, पांढऱ्या फुलाला रंग दिलेला, आणि हे आम्हाला कळलं कधी, तर आत्याने पाण्याने थबथबलेला गुच्छ हातात घेतला आणि त्याच हाताने पदर सावरला तेव्हा. मोतिया रंगाची पैठणी. अजूनही दर महिन्याला एकदा तो विषय निघतो.

मग लग्नासाठी बाबा म्हणाले, मधला माणूसच नको, आपण थेट पुण्याच्या मार्केट यार्डातून फुलं आणू. पहाटे पाचला गुलटेकडीला फुलबाजारात गेलो आम्ही दोघं. ज्यांना हे करायचंय त्यांनी एकदा नक्की जावं, फुलं आणायला नाही, भाव आणि माल डोळ्याखालून घालायला. झेंडू, शेवंती, गुलछडी (आपण निशिगंध म्हणतो ती) किलोवर, डच गुलाब २० नगांच्या गड्डीत, जरबेरा १० चा. तिथल्या एका बाईंनी आईच्या मायेने शिकवलं की गुलाब वास घेऊन बघायचा नसतो, देठाच्या वर कळीचा बुडखा दोन बोटांनी हलकेच दाबायचा, टणक लागला तर ताजा, पिचपिचीत लागला तर तो दोन दिवस कुठेतरी पडून आलाय आणि बाहेरच्या पाकळ्या खुडून तुम्हाला नवा म्हणून देतायत. दहा गड्ड्या दाबून बघितल्या, तीन पिचपिचीत. पण चाळीस किलो झेंडू घरी आणून ओवणार कोण, ठेवणार कुठे, हा प्रश्न आईने विचारला आणि बाबांची योजना तिथेच संपली.

एक गोष्ट मात्र त्या फेरीत कळली. सजावटवाला आणि हारवाला हे दोन वेगळे धंदे आहेत. आपण सगळं मिळून 'फ्लोरिस्ट' म्हणतो, पण स्टेज करणारी पोरं सांगाडा, कापड, लाइट यात तयार असतात आणि वरमाला, मुंडावळ्या, गजरे, वेण्या हे बऱ्याचदा बाहेरून करून घेतात. त्यामुळे कुणाकडेही गेलात तर पहिला प्रश्न हा की हार कोण ओवतं? आमच्या साखरपुड्याच्या माणसाला हे विचारलं असतं तर तो बहुतेक म्हणाला असता, होऊन जाईल.

आत्ताचे आमचे फुलवाले काका मंडईच्या मागच्या बाजूला बसतात. दुकान म्हणजे कपाटाएवढं, खाली ओलं गोणपाट, मागे काकू आणि सून हार ओवतायत. लग्नासाठी आणखी दोघांकडे कोटेशन मागितलेलं, त्यांनी आम्हाला थीम काय, कलर पॅलेट काय असं विचारलेलं. यांनी विचारलं, "हॉल ताब्यात किती वाजता मिळणार?" आम्हाला माहीतच नव्हतं! फोन करून विचारलं तर आदल्या रात्री तिथे रिसेप्शन, म्हणजे रात्री साडेबाराच्या आधी आत पाऊल नाही आणि मुहूर्त सकाळी ११ चा. काका म्हणाले, मग सगळं खिळ्या-तारांचं काम आम्ही इथेच पट्ट्यांवर करून आणतो, तिथे फक्त बांधायचं. शिवाय कार्यालयाचा स्वतःचा डेकोरेटर असेल तर बाहेरच्याला आणायचे वेगळे पैसे लागतात तेही विचारा म्हणाले, आणि खरंच ५ हजार लागले, बुकिंगच्या वेळी कुणी एका शब्दाने बोललं नव्हतं. लॉनवर लग्न करणाऱ्यांनी तर हे लेखी घ्यावंच.

मग यादी. बहिणीला लाल गुलाबाची भिंत हवी होती. लग्न १२ फेब्रुवारीला. काका हसले. म्हणाले, ताई, तुमचं लग्न आणि व्हॅलेंटाइन एकाच आठवड्यात, मावळातला चांगला गुलाब त्या वेळी विमानात बसतो, इथे उरतो त्याचा भाव आकाशात, भिंत केलीत तर पैसे जातील आणि फूल मात्र दुय्यम मिळेल. गुलाब फक्त हारात घालू, स्टेज शेवंती, गुलछडी, झेंडू आणि आंब्याची पानं. मोगरा? थंडीत कमी येतो, दक्षिणेकडून येतो तो महाग, करवल्यांपुरते गजरे करतो, पडदे विसरा. बहीण रुसली दोन दिवस. पण मला तेव्हाच पटलं की हा माणूस आपल्याला बुडवणार नाही, कारण अर्ध्या तासात तीन वेळा नाही म्हणाला. एक कोटेशन ९५ हजारांचं आलेलं, एक ७० चं, यांचं सगळं धरून ४४ झालं, त्यातले ५ ते वर म्हटलेले कार्यालयाचे.

हारांबद्दल जरा जास्त लिहितो कारण फोटोत शेवटी तेच दिसतात. काकांनी विचारलं, नवऱ्याला मित्र उचलणार का? आम्ही म्हटलं म्हणजे? म्हणाले, उचलणार असतील तर हिसका बसतो, दोरा दुहेरी घालतो आणि लांबी चार बोटं वाढवतो. (उचलला. खांद्यावर घेतला गाढवांनी, भटजी चिडले. हार टिकला.) मानेवर जिथे बसतो तिथे आतून मऊ सुती पट्टी शिवलेली, देठं टोचू नयेत म्हणून. एवढं कुणाच्या लक्षातही येत नाही, पण बहीण अख्खी दुपार हार घालून वावरली, एकदाही मान चोळली नाही.

आणि एक किस्सा. सकाळी हारांची पेटी आमच्या मामीने रुखवताच्या खोलीत नीट नेऊन ठेवली, फळांच्या करंड्यांना खेटून. काका आले, पेटी बघितली आणि ओरडलेच, "वहिनी, केळ्यांजवळ फूल ठेवू नका, मरतं!" मामीला वाटलं काहीतरी विटाळाचं वगैरे आहे. नंतर मी वाचलं, पिकणाऱ्या केळी-सफरचंदांतून इथिलीन वायू सुटतो, त्याने फुलं लवकर कोमेजतात, ऑर्किड आणि कार्नेशन तर फारच. म्हणजे घरच्या फ्रिजमध्ये फळांसोबत गजरे ठेवतो तेही चूकच की.

आता तक्रारी, कारण नुसतं कौतुक वाचलं की मलाच संशय येतो. एक, गाडी. मामांची नवी गाडी सजवताना यांच्या पोराने फुलं चिकटपट्टीने लावली, बॉनेटवर डाग राहिले, पॉलिशचे पैसे मामांनी मागितले नाहीत पण चेहऱ्यावर दिसत होते. काकांनी पुढच्या ऑर्डरमध्ये हजार रुपये कमी केले, तरी गाडी यांना देऊ नका. दोन, फोन. पहाटे ४ ते ९ फोन लागतच नाही, मार्केटला असतात, आणि तुम्हाला धाकधूक नेमकी तेव्हाच असते. तीन, बिल नाही, वहीत पेन्सिलीने लिहितात, मी दरवेळी त्या पानाचा फोटो काढून ठेवतो. चार, गौरींच्या वेळी वेण्या दोन तास उशिरा आल्या, आई आणि माझी काकू शेजारच्या फुलवालीकडून घेऊन मोकळ्या झालेल्या, मग दोन्हीचे पैसे गेले. सणाला सगळे एकदमच मागतात हे कळतं, पण मग ऑर्डर कमी घ्या ना. आणि ज्यांना फुलांचे झुंबर, तरंगते दिवे, परदेशी फुलं असलं हवंय त्यांनी इथे जाऊच नये, काकांना ते जमत नाही आणि आवडतही नाही.

एक मात्र, लग्न लागल्यावर संध्याकाळी सगळी फुलं यांची माणसंच उतरवून पोत्यात भरून घेऊन गेली, हे ठरवताना बोललेलं नव्हतं. साखरपुड्याच्या वेळी तो निळा कचरा आणि फुलं खोचलेला हिरवा फोम आम्ही रात्री ११ वाजता पिशव्यांत भरत होतो, आणि तो फोम कुजत नाही, बरं का.

आता डिसेंबरात आतेभावाचं लग्न आहे. आत्या आधी नाहीच म्हणत होती, पैठणीमुळे फुलं या विषयावरच राग, पण गेल्या रविवारी मंडईत घेऊन गेलो. काकांनी आत्याला स्टुलावर बसवलं, वही उघडली आणि विचारलं, "हॉल ताब्यात किती वाजता मिळणार?" आत्याने माझ्याकडे बघितलं. कुणीच विचारलेलं नव्हतं.