1951 चा हिरवा शर्ट: कापड झकास, कार्ड अर्धवट

नोकरीसाठी साव पावलोत येऊन मला दीड वर्ष झालं. राहते पाल्मेइरास या फुटबॉल क्लबच्या मैदानापासून दोन गल्ल्यांवर, त्यामुळे बाजू आपोआप ठरली. ऑफिसात शेजारी बसतो तो शहरातल्या दुसऱ्या क्लबचा, कोरिंथियन्सचा भक्त. सोमवारी कॉफी घेताना त्याचं ठरलेलं वाक्य असतं: पाल्मेइरासकडे ‘मुंदियाल’ नाही, म्हणजे क्लबांचं जगज्जेतेपद नाही. या माणसासमोर घालून बसायला म्हणून मी जुन्या धाटणीचे शर्ट विकणाऱ्या एका छोट्या दुकानातून पाल्मेइरासचा 1951 चा शर्ट घेतला. त्या साली त्यांनी ‘कोपा रिओ’ ही जगभरच्या क्लबांची स्पर्धा जिंकली होती. 189 ब्राझिलियन रेआल मोजले.

आधी कापड. जाड सुती, हाताला जरा खरबरीत, आणि चांगलं वजनदार. हल्लीच्या पॉलिस्टरसारखा अंगाला चिकटत नाही. जाहिरात नाही, कंपनीची खूण नाही. छातीवर डावीकडे एकच पांढरं ‘पी’ अक्षर. छापलेलं नाही, वेगळं कापड कापून वर शिवलंय. कडेचे टाके जवळजवळ आहेत, पण ‘पी’च्या पोटातल्या गोलाईवर कारागिराचा हात थोडा घसरलाय आणि तिथे दोन टाके तिरके गेलेत. मला तेच आवडलं. नुसत्या ‘पी’लाही कारण आहे. हा क्लब मुळात ‘पालेस्त्रा इतालिया’, इटालियन स्थलांतरितांचा. महायुद्धात ब्राझील इटलीच्या विरुद्ध गेला आणि 1942 साली क्लबला नाव बदलावं लागलं. त्याच सप्टेंबरात नव्या नावाने पहिला सामना खेळायला खेळाडू साव पावलोतल्या पाकाएम्बूच्या मैदानात उतरले ते ब्राझीलचा झेंडा घेऊन. मग नऊ वर्षांनी याच कोपा रिओच्या अंतिम फेरीत समोर आलं कोण, तर इटलीतल्या तुरीनचं युव्हेंटस!

आता तक्रार. शर्टासोबत एक जाड कार्ड मिळतं, कोपा रिओची गोष्ट सांगणारं. आठ क्लब, रिओ आणि साव पावलो, अंतिम फेरीचे दोन्ही सामने रिओतल्या माराकाना मैदानावर, पहिला 1-0, दुसरा 2-2, चषक आपला. सगळं बरोबर, पण लग्नाच्या अल्बमसारखं. रडणारं कुणीच नाही! गटातल्या सामन्यात याच युव्हेंटसने याच पाल्मेइरासला पाकाएम्बूवर, घरच्या लोकांसमोर, 4-0 धुतलं होतं, त्याचा उल्लेखच नाही. त्या पराभवानंतर ओबेर्दानसारख्या नावाजलेल्या गोलरक्षकाला बसवून फाबियोला उभं केलं, तेही नाही. उपांत्य फेरीत रिओच्या वास्को क्लबविरुद्ध पाल्मेइरासच्या आकिलेसचा पाय मोडला, तेही गाळलं. आणि तो वास्को म्हणजे जवळजवळ वर्षभरापूर्वी त्याच माराकानावर विश्वचषकात उरुग्वेकडून हरलेल्या ब्राझीलच्या संघाचा कणा, गोलातही त्याच संघाचा गोलरक्षक बार्बोसा. एवढ्या सगळ्यातून गेल्यावर रोद्रिगेसचा 1-0 चा गोल आणि परतीच्या सामन्यात लिमीन्याची 2-2 अशी बरोबरी यांना चव येते. विकणाऱ्याला वाटत असावं की हरल्याचं सांगितलं तर शर्ट खपणार नाही. मी तर 4-0 वाचून दोन घेतले असते.

कार्डावर ‘फिफामान्य जगज्जेते’ असंही ठोकून दिलंय. हे मात्र मापात हवं. फिफाने या स्पर्धेचं कौतुक केलंय, पण 2017 साली जुन्या विजेत्यांना अधिकृत जगज्जेते म्हणून मान्यता दिली ती 1960 पासून सुरू झालेल्या, युरोप आणि दक्षिण अमेरिकेच्या विजेत्या क्लबांमधल्या इंटरकॉन्टिनेंटल चषकाच्या विजेत्यांना. माझा कोरिंथियन्सवाला नेमकं यावरच बोट ठेवतो. त्याला गप्प करायला मी 1952 काढते: दुसऱ्याच वर्षीच्या कोपा रिओच्या अंतिम फेरीत कोरिंथियन्स रिओच्या फ्लुमिनेन्सकडून हरला. हे ऐकलं की मात्र त्याच्या लेखी ही स्पर्धा एकदम फालतू होते.

धुण्याचं सांगायलाच हवं. पहिल्यांदा बादलीत भिजवला तर पाणी पालक उकडल्यासारखं हिरवं झालं आणि सोबतचा पांढरा टॉवेल कायमचा गेला. वाळल्यावर बाह्या बोटभर आखडल्या. दुकानात जाऊन सांगितलं तर काउंटरवरच्या काकांनी शांतपणे स्वतःची बाही दाखवली, तीही तशीच. पैसे परत नाहीत, दुसरा शर्ट नाही, हसून एक कॉफी मात्र मिळाली.

पाचापैकी साडेतीन. घ्यायचा तर एक माप मोठं घ्या आणि पहिले दोन-तीनदा एकटाच धुवा. माझ्या कार्डाच्या कोऱ्या बाजूवर मी पेनाने ‘4-0’ लिहून ठेवलंय, खाली आकिलेसचं नाव.